सविता भाभीवर बंदी घालून कुटुंब कसं वाचणार?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत कुटुंबव्यवस्थेवर तुम्ही जो पानभर लेख छापलात तो वाचला, दोनदा वाचला. लेखकाचं म्हणणं थोडक्यात असं की मोबाईलवरची अडल्ट कॉमिक्स, वेब सिरीज आणि ती तसली ॲप्स यांनी आपली घरं पोखरली आणि सरकारने सगळ्यावर एकदा सरसकट बंदी घातली की सगळं पूर्वीसारखं होईल. उदाहरण म्हणून पहिलंच नाव अर्थातच सविता भाभीचं, म्हणजे इंटरनेटवरच्या त्या वाह्यात कॉमिकमधल्या बाईचं. लेखातली काळजी मला पटली, औषध अजिबात पटलं नाही, म्हणून हे पत्र. लांबलंय, तुमच्या पत्रांच्या कॉलमात मावणार नाही बहुतेक, पण लिहूनच टाकते.

मी कोण बोलणारी? तर डोंबिवलीत सासऱ्यांनी सुरू केलेलं वाचनालय मी त्यांच्यानंतर चालवत होते, आता बंद आहे, कारण सभासद मोबाईलवर गेले आणि जागेचं भाडं वर गेलं. पण काउंटरच्या आतल्या बाजूला बसून मी बरीच वर्षं सेन्सॉरचं काम केलंय असं म्हणायला हरकत नाही, फक्त पगार नव्हता. माझ्या खुर्चीमागे एक लाकडी कपाट होतं, त्यातली पुस्तकं बाहेरच्या रॅकवर ठेवायची नाहीत असा सासऱ्यांचा नियम. पिवळी पुस्तकं नव्हेत हो, ती आम्ही कधीच ठेवली नाहीत, ती स्टेशनबाहेर फुटपाथवर प्लॅस्टिकच्या पिशवीत मिळायची. आमच्या कपाटात नुसत्या जरा मोकळ्या कादंबऱ्या, काही भाषांतरं, कामजीवनावरची डॉक्टरांनी लिहिलेली पुस्तकं. मोठ्या माणसाने मागितलं की द्यायचं, चेहऱ्यावरची रेष हलवायची नाही. शाळेतल्या पोराने मागितलं की "बाहेर गेलंय, पुढच्या आठवड्यात ये". कुणाचा मुलगा कितवीत आहे हे मला तोंडपाठ होतं त्यामुळे आधार कार्ड बघायची गरज पडली नाही. बायका लाजून मुलाच्या हातात चिठ्ठी देऊन पाठवायच्या, "मागच्यासारखंच एखादं द्या", की मी ते पेपरात गुंडाळून वर रबर लावून द्यायची. आणि एक आजोबा सभासद होते ते पुस्तकातल्या त्यांना न आवडलेल्या ओळी बॉलपेनने खोडून परत करायचे, त्याचा परिणाम एवढाच झाला की बाकीच्यांना नेमकी पानं शोधायचे कष्ट वाचले.

तर सांगायचं हे की लहान मुलांच्या हातात काय जावं आणि काय जाऊ नये यावर माझं मत तुमच्या लेखकापेक्षा सौम्य नाहीये, कडकच आहे. फरक इतकाच की आमच्याकडे कपाट होतं, काडेपेटी नव्हती.

आता तो लेख वाचून असं वाटतं की २००८ पर्यंत मराठी घरात सगळे हरिपाठ म्हणत बसले होते आणि मग इंटरनेट आलं. अहो, ‘आवाज’चा दिवाळी अंक कुणाच्या घरात यायचा नाही? १९५१ पासून निघतोय तो. त्यातली खिडकी चित्रं आठवा. पानाला भोक पाडलेलं, त्यातून मागच्या चित्राचा जेवढा तुकडा दिसतो तेवढ्यावरून भलतंच काहीतरी चाललंय असं वाटायचं, आणि पान उलटलं की तिथे एकदम निरुपद्रवी प्रकार, कुणीतरी भोपळा उचलतंय नाहीतर सायकलला हवा भरतंय. चावटपणा कागदावर नव्हताच, बघणाऱ्याच्या डोक्यात होता. आमच्या दिवाळी अंक योजनेत सगळ्यात आधी फाटून येणारा अंक तोच, आणि तो न्यायला येणारे लोक म्हणजे बँकेतले, शाळेतले, अगदी देवळाच्या ट्रस्टवरचे. घरचे सगळे तो अंक आळीपाळीने बघायचे आणि कुणीच बघितला नाही असं वागायचे.

बरं, कोर्टकचेऱ्या पण तेव्हापासूनच्या. मुंबईच्या एका बुकस्टॉलवाल्याकडे पोलिसांनी खोटं गिऱ्हाईक पाठवून लॉरेन्सची ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ विकत घेतली आणि पकडलं, ती रणजीत उदेशी केस, सुप्रीम कोर्टाने १९६४ मध्ये शिक्षा कायम केली, ती पण अश्लील काय ते ठरवायच्या १८६८ सालच्या इंग्लंडच्या कसोटीवर. ती कसोटी आपल्याकडे २०१४ पर्यंत चालली म्हणे, मग अवीक सरकार केसमध्ये कोर्ट म्हणालं की आता आजच्या समाजाच्या नजरेने बघायचं.

पण मला सगळ्यात आवडते ती आपली मराठी केस. चंद्रकांत काकोडकर. आमच्या वाचनालयाची निम्मी वर्गणी काकोडकरांच्या जिवावर यायची असं सासरे म्हणायचे. ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात त्यांची ‘शामा’ नावाची गोष्ट आली, तिच्यावर अश्लीलतेचा खटला झाला, खालच्या कोर्टात सुटले, हायकोर्टाने दोषी ठरवलं, आणि १९६९ मध्ये सुप्रीम कोर्टाने सोडलं. कोर्टाचं म्हणणं साधारण असं होतं की स्त्रीपुरुष संबंधाचा नुसता उल्लेख आला की तरुण मुलं बिघडतात असं धरून चाललं तर त्यांना धार्मिक ग्रंथांशिवाय दुसरं काही वाचायलाच मिळणार नाही. आणि गंमत बघा, त्याच १९६९ साली ‘दो रास्ते’ आला, राजेश खन्नाचा, एकत्र कुटुंब, मोठ्या भावाचा त्याग, सून आल्यावर फुटणारं घर, बायका थेटरात रुमाल भिजवून बाहेर पडायच्या. तो सिनेमा कशावरून? काकोडकरांच्याच ‘नीलांबरी’ कादंबरीवरून! म्हणजे एकाच वर्षात, एकाच लेखणीवर, इकडे सात वर्षं समाज बिघडवल्याचा खटला आणि तिकडे कुटुंब कसं टिकवायचं यावर अख्ख्या देशाला रडवणं. आमच्या रॅकवर ही सगळी पुस्तकं शेजारी शेजारी होती आणि नेणारी बाई एकच असायची. तुमच्या लेखकाला वाटतं माणसं दोन प्रकारची असतात, एक संस्कारी आणि एक बिघडलेली. काउंटरवरून तसं काही दिसत नाही हो.

आता सविता भाभी. २००८ च्या मार्चमध्ये इंटरनेटवर सुरू झालं, २००९ च्या जूनमध्ये सरकारने ब्लॉक केलं. करणारा ‘देशमुख’ असं टोपणनाव घ्यायचा, म्हणून आमच्याकडचे लोक उगाचच चपापले होते, प्रत्यक्षात निघाला इंग्लंडमधला भारतीय वंशाचा एक व्यावसायिक. बंदीविरुद्ध लढायचं म्हणून तो स्वतःचं नाव सांगून पुढे आला आणि मग घरच्यांच्या दबावामुळे थांबतो म्हणाला. मंत्रालयापेक्षा आईबाबा भारी पडले! अर्थात कॉमिक काही थांबलं नाही, दुसऱ्या साईटवर गेलं, पैसे भरून बघायचं झालं, आणि ज्यांनी तोपर्यंत नावही ऐकलं नव्हतं त्यांना बातम्यांमधून कळलं. आमच्या काउंटरवर एक रिटायर्ड गृहस्थ मला हळूच विचारायला आले होते की "हे सविता प्रकरण नक्की काय आहे, तुमच्याकडे मिळतं का".

मी ते बघितलंय का? हो, थोडंफार बघितलंय, न बघता मत द्यायची मला सवय नाही. मला ते आवडलं नाही आणि त्याला कुणी स्त्रीमुक्ती वगैरे म्हणायला लागलं की मला हसू येतं. पुरुषांनी पुरुषांसाठी काढलेली बाई आहे ती, केव्हाही तयार, कधी दमत नाही, कधी पाठ दुखत नाही, आणि त्यात कुणी कुणाला विचारतच नाही, "नको" हा शब्दच त्या जगात नाही. हीच माझी खरी तक्रार आहे. पण तुमच्या लेखकाची तक्रार ती नाहीये. त्यांना राग आहे तो मंगळसूत्र आणि कुंकू लावलेली बाई स्वतःहून काही मागते याचा. हळदीला आपल्याकडे जी गाणी लागतात आणि सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सकाळी देवाचा फोटो आणि दुपारी बायकोवरचे जे जोक येतात त्याने म्हणे कुटुंबव्यवस्थेला काही होत नाही.

२००९ वर जरा थांबते, कारण ते साल मजेशीर आहे. त्याच वर्षी राज्यसभेच्या याचिका समितीने, अध्यक्ष व्यंकय्या नायडू, अहवाल दिला की शाळेत लैंगिक शिक्षण नको, आपल्या संस्कृतीत बसत नाही. आपल्या महाराष्ट्राने तर २००७ मध्येच विधानसभेत गदारोळ करून तो किशोरवयीन शिक्षणाचा कार्यक्रम बंद पाडला होता. म्हणजे आधी मास्तरांचं तोंड बंद केलं, मग चित्रकाराची साईट बंद केली, आणि पोरांच्या हातात मोबाईल यायला सुरुवात झाली. पोरांना प्रश्न पडायचे काही थांबले नाहीत ना. मी एकदा एका दहावीच्या मुलाच्या हातातून परत आलेल्या विज्ञानाच्या पुस्तकात प्रजननाच्या धड्यावर स्टेपलरच्या पिना मारलेल्या बघितल्यात, आईने मारल्या होत्या.

हे प्रश्न पूर्वी विचारले जात नव्हते असं पण नाही. र. धों. कर्वे १९२७ पासून मरेपर्यंत म्हणजे १९५३ पर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ काढत होते, संततिनियमनाचा प्रचार केला म्हणून विल्सन कॉलेजमधली प्रोफेसरकी गेली, पण लोकांची पत्रं यायची आणि ते सरळ शास्त्रीय उत्तरं द्यायचे. त्यासाठी खटले झाले, १९३४ च्या खटल्यात त्यांचं वकीलपत्र बाबासाहेब आंबेडकरांनी घेतलं होतं, तरी हरले, दंड झाला. ज्या गावात कर्व्यांना दंड होतो तिथे नव्वद वर्षांनी पोरगं कॉमिकमधून शिकतं यात कॉमिकला एकट्याला दोष कसा द्यायचा, सांगा.

आणि ही बंदी असते तरी कशी? आयटी ॲक्टच्या ६९ए कलमाखाली साईट ब्लॉक करायचे जे २००९ चे नियम आहेत त्यात लिहिलंय की तक्रार आणि कारवाई गुप्त ठेवायची. म्हणजे काय बंद केलं, कुणाच्या तक्रारीवर, हे तुम्हाआम्हाला कळायची सोयच नाही. २०१५ च्या ऑगस्टमध्ये एकदम ८५७ साईट बंद केल्या, आरडाओरडा झाला, चार दिवसात बऱ्याचशा परत सुरू. २०१८ मध्ये उत्तराखंड हायकोर्टाच्या आदेशानंतर ८२७ साईट. मार्च २०२४ मध्ये १८ ओटीटी, जुलै २०२५ मध्ये २५ ॲप्स. दर वेळी पेपरात हेडलाईन येते, दर वेळी आमच्या बिल्डिंगमधली अकरावीतली मुलं बंद साईट उघडायला व्हीपीएन कसं लावायचं ते एकमेकांना सांगतात, आणि दर वेळी आईबाप म्हणतात चला सरकारने केलं काहीतरी, आपण सुटलो.

सुटलो हाच तर घोळ आहे. पूर्वी घरात सेन्सॉर आपोआप व्हायचा कारण वस्तू एकच असायची. एक पेपर, एक टीव्ही, वाचनालयाचं एक पुस्तक जे घरातले सगळे वाचून परत करणार. निरोधची जाहिरात लागली की बाबा खोकायचे, आई आत जाऊन गॅस बघून यायची, झालं. कुणी कुणाला काही समजावलं नाही पण काय चाललंय ते सगळ्यांना दिसत होतं. २०१६ च्या सप्टेंबरमध्ये जिओ आलं, डेटा फुकटासारखा झाला, मग करोनात शाळाच मोबाईलवर आली, तेव्हा तर आपणच कर्ज काढून पोरांना फोन घेऊन दिले. आता वन बीएचकेत चार माणसं, चार पडदे, चार इयरफोन. जो सेन्सॉर घरातल्या गर्दीमुळे चालत होता तो गेला आणि त्याच्या जागी बोलणं यायला हवं होतं ते आलंच नाही. कुटुंबाची मूल्यं बदलली म्हणतात ना, तर मला हा बदल सगळ्यात मोठा दिसतो. बाकी लग्नं उशिरा होतात, मुली नोकरीला पुण्याबंगलोरला एकट्या राहतात, पटलं नाही तर घटस्फोट घेतात, सासूसासरे गावाला, हे सगळं नोकऱ्यांमुळे, शिक्षणामुळे, घरांच्या किमतींमुळे झालंय. कॉमिक बघून कुणी नवऱ्याला सोडल्याचं मी तरी ऐकलं नाही.

आणि जुन्या एकत्र कुटुंबात सगळं सोज्वळ होतं ह्या गोष्टीवर माझा विश्वास नाही. दुपारच्या वेळी वाचनालयात गर्दी नसायची, बायका पुस्तक बदलायला म्हणून यायच्या आणि स्टुलावर बसून बोलायच्या. मामा, काका, मोठे दीर, घरी येणारे शिकवणीचे मास्तर. कुणाच्या घरात इंटरनेट नव्हतं तेव्हाच्या गोष्टी आहेत या. एनसीआरबीचा, म्हणजे केंद्राच्या गुन्हे नोंदणी विभागाचा, अहवाल दर वर्षी सांगतो की बलात्काराच्या बहुतेक केसमध्ये आरोपी ओळखीचाच असतो. त्यावर तुमच्या पानभर लेखात एक ओळ नाही.

माझं म्हणणं सोपं आहे. मोठ्या माणसाने स्वतःच्या खोलीत काय बघावं यात सरकारने पडू नये, आणि लहान मुलांच्या बाबतीत सरकारने, कंपन्यांनी, आईबापांनी सगळ्यांनी पडावं. आत्ता नेमकं उलट चाललंय, मोठ्यांना लहान समजून त्यांच्या साईट बंद करायच्या आणि खऱ्या लहानांकडे कुणी बघायचं नाही. २०२१ च्या आयटी नियमांत लिहिलंय की ओटीटीवर ‘ए’ दर्जाच्या गोष्टीला वय तपासायची खात्रीची सोय हवी, तेरा वर्षांवरच्या दर्जाला पेरेंटल लॉक हवं. कागदावर छान. प्रत्यक्षात "तुम्ही १८ वर्षांचे आहात का" असं विचारतात आणि पोरगं "हो" वर बोट ठेवतं. किती घरांत ते लॉक लावलेलं आहे? मी विचारून बघितलं, बऱ्याच जणांना असं काही असतं हेच माहीत नव्हतं, आणि दोघींनी सांगितलं की पिन मुलानेच सेट केलाय कारण त्यांना ते जमत नाही.

दुसरं म्हणजे चित्र आणि माणूस यात फरक करा. कॉमिक कितीही वाह्यात असलं तरी ती रेघोट्यांची बाई आहे, तिच्या घरी कुणी रडत नाही. पण वर्गातल्या मुलीचा इन्स्टाचा फोटो घेऊन एआयने उघडा करून ग्रुपवर टाकला तर ती खरी मुलगी आहे, तिचं कॉलेज सुटतं, कधीकधी जीवही जातो. लहान मुलांचं तसलं चित्रण नुसतं फोनमध्ये ठेवणं हासुद्धा पॉक्सोखाली, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या कायद्याखाली, गुन्हा होऊ शकतो असं सुप्रीम कोर्टाने सप्टेंबर २०२४ मध्ये सांगितलं ते अगदी योग्य झालं, तिथे मला कुठलंही स्वातंत्र्य वगैरे ऐकायचं नाही. पोलिसांचे हात आणि वेळ मोजका आहे, तो तिकडे लावा ना. ओळखीतल्या एका मुलीचा असाच फोटो फिरला तेव्हा तक्रार घ्यायलाच इतके हेलपाटे घालायला लावले की आई म्हणाली जाऊ दे. आणि आपण मागणी कसली करतोय, तर चित्रातल्या वहिनीला पकडा.

(जाता जाता, ज्या कुणाला वाटतं की कायदा कडक केला की फक्त अश्लील गोष्टीच पकडल्या जातील त्यांनी पालघर आठवावं. २०१२ मध्ये बाळासाहेब गेल्यावर बंदविषयी एकीने फेसबुकवर दोन ओळी लिहिल्या, दुसरीने त्या नुसत्या लाईक केल्या म्हणून दोन मुलींना अटक झाली होती, त्यातूनच पुढे ६६ए कलम २०१५ ला रद्द झालं. ते कलम होतं इंटरनेटवरून आक्षेपार्ह नाहीतर धमकीचे मेसेज पाठवणाऱ्यांसाठी.)

शेवटचं, आणि हे तुमच्या पेपरबद्दल आहे. ज्या रविवारी तो लेख आला त्याच अंकात आतल्या पानावर छोट्या जाहिरातींमध्ये ताकद वाढवणाऱ्या तेलाच्या तीन जाहिराती होत्या, एकीवर "पत्नी खुश, गॅरंटीने" असं लिहिलेलं, आणि खाली मोबाईल नंबर. तेलाकॅप्सूलच्या असल्या जाहिरातींना १९५४ पासून कायद्याने बंदी आहे, ड्रग्ज अँड मॅजिक रेमेडीज ॲक्ट म्हणतात त्याला. हा पेपर आमच्याकडे सकाळी दाराच्या कडीत लावलेला असतो आणि तो सगळ्यात आधी आमची सातवीतली नात उचलते, कोडं सोडवायला. तिने मला विचारलं की गॅरंटी कशाची. मी तिला उत्तर दिलं, काय दिलं ते इथे लिहीत नाही, जागा नाही. पण त्या जाहिराती तुम्ही कुणाला विचारून घेता आणि त्यांचे महिन्याचे किती पैसे येतात, हे पुढच्या रविवारी त्याच पानावर छापलंत तर मी लेखकांशी उरलेला वाद घालायला तयार आहे. आणि पत्र मोठं झालंय म्हणून काही कापायचंच असेल तर काकोडकरांचं कापा, हा परिच्छेद ठेवा.

आपली,
एक जुनी वाचनालयवाली, डोंबिवली (पूर्व)